अनुमान खरं ठरलं, पण युक्तिवादाचं काय? : डोंगरओढ्यातले बेडूक आणि १९९६चा एक पेपर

काही पेपर पुढे बरोबर निघतात आणि त्यामुळेच नीट वाचले जात नाहीत. विल्यम लॉरन्स, कीथ मॅक्डॉनल्ड आणि रिक स्पीअर या तिघांचा 'कॉन्झर्व्हेशन बायॉलॉजी'मधला १९९६चा पेपर त्यातलाच. उभयचरांवर काम करायचं ठरवलंत, तर पहिल्या महिनाभरात कुणीतरी तो तुमच्या हातात देईल आणि सांगेल, "बघा, यांनी आधीच ओळखलं होतं." मला हे वाक्य खटकतं. का ते या लेखात सांगतो.

पेपरचा दावा थोडक्यात असा. पूर्व ऑस्ट्रेलियाच्या डोंगरी वर्षावनांत, ओढ्यांत राहणाऱ्या बेडकांच्या किमान १४ जाती पंधरा वर्षांत एकतर गायब झाल्या किंवा ९० टक्क्यांहून जास्त घटल्या. हवामानात काही विशेष बिघाड नाही, पाणी स्वच्छ आहे, जंगल जागेवर आहे. (उत्तर क्वीन्सलँडमधला हा ओला उष्णकटिबंधीय पट्टा १९८८पासून जागतिक वारसा यादीत आहे, म्हणजे इथे करवती चालत नाहीत.) शिवाय घट दक्षिणेकडून उत्तरेकडे, वर्षाला साधारण १०० किलोमीटर अशा वेगाने सरकलेली दिसते. तेव्हा हे बाहेरून आलेल्या एखाद्या साथीच्या रोगाचं काम असावं, आणि रोगकारक बहुधा विषाणू.

युक्तिवादाकडे वळण्याआधी बेडूक कसा आहे ते बघू, कारण पुढचं सगळं त्याच्या राहण्याच्या सवयींवर अवलंबून आहे. लिटोरिया नॅनोटिस, म्हणजे धबधब्याचा बेडूक, हे उदाहरण घ्या. (नव्या काही याद्यांत वंशाचं नाव बदलून रॅनोइडिया केलेलं दिसेल. मी जुन्या पेपरांतलंच नाव वापरतोय, नाहीतर शोधताना तुमचा गोंधळ होईल.) हा प्राणी ओढा सोडून फारसा जात नाही. दिवसा धबधब्याच्या पडद्यामागे किंवा ओल्या खडकाच्या कपारीत, रात्री फवाऱ्यात भिजणाऱ्या दगडावर. मादी अंडी घालते तीही वाहत्या पाण्यातल्या दगडाखाली. टॅडपोलचं तोंड चूषकासारखं रुंद असतं, त्याने तो खडकाला चिकटून राहतो. एरवी पहिल्याच लोंढ्यात वाहून जाईल. जेनिफर रोली आणि रॉस अल्फर्ड यांनी याच भागातल्या ओढ्याकाठच्या तीन जातींचा माग काढला, तेव्हा पाण्याशी आणि एकमेकांशी सगळ्यात जास्त संपर्क नॅनोटिसचा दिसला. बाकीचे बेडूक ओढ्यापासून दूर फिरून येतात, हा मात्र त्याच गार, ओल्या कपारीत. पाण्यातून पसरणाऱ्या कुठल्याही रोगाला याहून सोयीचं सावज मिळणं कठीण.

आता युक्तिवाद. पेपरची पहिली बाजू वजाबाकीची आहे: पाऊस नाही, प्रदूषण नाही, जंगलतोड नाही, मग उरला रोग. वजाबाकीचा युक्तिवाद यादी पूर्ण असेल तरच चालतो, आणि निसर्गात यादी पूर्ण आहे हे कधीच सांगता येत नाही. तुमच्या सिनॉप्सिसमध्ये "इतर कारणं नाकारल्यानंतर" अशी सुरुवात असेल, तर परीक्षक पहिलं बोट तिथेच ठेवणार हे धरून चाला.

दुसरी बाजू लाटेची, आणि ती जास्त रंजक आहे. मोठ्या पातळीवरच्या तारखा बघा. ब्रिस्बेनच्या उत्तरेच्या डोंगरांतला टॉडॅक्टिलस डाययर्नस १९७९नंतर दिसला नाही, आणि पोटात पिल्लं वाढवणारा रिओबॅट्राकस सायलस जंगलात १९८१नंतर. तिथून शेकडो किलोमीटर उत्तरेला, मॅके शहराजवळच्या युंगेलाच्या डोंगरांत, रिओबॅट्राकस व्हिटेलिनस ही दुसरी जात १९८४मध्ये सापडली आणि १९८५मध्ये संपलीसुद्धा. विज्ञानाला ती जेमतेम वर्षभर माहीत होती! आणखी उत्तरेला, केर्न्सच्या आसपासच्या डोंगरांत, घट सुरू झाली १९८०च्या दशकाच्या अखेरीस आणि १९९३-९४पर्यंत ती पार वरच्या टोकाला, कुकटाउनजवळच्या बिग टेबललँडला पोचली.

वाचताना अंगावर काटा येतो. नकाशावर बाण काढावासा वाटतो. पण जरा थांबा. तीन डोंगररांगा म्हणजे तीन बिंदू. तीन घटना निव्वळ योगायोगाने घडल्या तरी त्या सहा क्रमांनी घडू शकतात, आणि त्यातला एक क्रम बरोबर दक्षिणेकडून उत्तरेकडे असतो. सहात एक, म्हणजे फासा टाकण्याइतकी शक्यता. ०.०५च्या उंबरठ्याच्या आसपासही हे येत नाही. उत्तरेकडच्या पट्ट्यात लेखकांकडे आणखी ठिकाणं होती हे खरं, पण तिथे दुसरी अडचण येते: 'शेवटचा बेडूक दिसला' ही तारीख बेडकाची नसते, बघणाऱ्याची असते. तुम्ही १९८८मध्ये गेलात, बेडूक होता. पुन्हा गेलात १९९१मध्ये, नव्हता. मग तो नक्की कधी गेला? आणि १९८८ ते १९९१ या काळात लोक दक्षिणेकडून उत्तरेकडे सर्व्हे करत सरकले असतील, तर लाट बेडकांची की जीपची?

हाच हल्ला रॉस अल्फर्ड आणि स्टीफन रिचर्ड्स यांनी १९९७मध्ये त्याच जर्नलमध्ये केला. त्यांच्या लेखाच्या शीर्षकातच साथीच्या रोगाचा पुरावा नाही असं होतं. जाँ-मार्क हीरो आणि ग्रॅम गिलेस्पी यांनीही आक्षेप घेतले. मूळ लेखकांनी बचावाचा लेख लिहिला. हे चारही लेख सलग वाचा, एका बसणीत होतात. जर्नल क्लबमध्ये मांडायला याहून चांगला संच मला माहीत नाही. आणि वाचताना एक पथ्य पाळा: पुढे काय झालं ते माहीत नाही असं समजून वाचा. तसं वाचलं तर माझ्या मते वादात टीकाकारांचं पारडं जड ठरतं. पुरावा खरोखरच तोकडा होता.

आणि तरीही रोगच होता.

१९९८मध्ये ली बर्गर आणि सहकाऱ्यांनी 'पीएनएएस'मध्ये दाखवलं की ऑस्ट्रेलिया आणि मध्य अमेरिकेतल्या आजारी आणि मेलेल्या बेडकांच्या कातडीत एक कायट्रिड बुरशी आहे, आणि आजारी बेडकाच्या कातडीचे खरवडे निरोगी बेडकांपर्यंत पोचवले तर तेही मरतात. बर्गर तेव्हा पीएचडीच करत होत्या. त्या पेपरच्या लेखकांत स्पीअर आणि मॅक्डॉनल्डही होते, म्हणजे ज्यांनी दोनच वर्षांपूर्वी विषाणूवर संशय घेतला होता तेच दोघे. सूक्ष्मदर्शकाखाली वेगळंच दिसल्यावर त्यांनी विषाणू सोडून दिला. १९९६च्या पेपरबद्दल मला मनापासून आदर वाटतो तो या जागी, भाकितासाठी नाही. १९९९मध्ये बुरशीला नाव मिळालं, बॅट्राकोकायट्रियम डेंड्रोबॅटिडिस. त्यासाठीचा नमुना कुठल्या डोंगरातला नव्हता. वॉशिंग्टनच्या प्राणिसंग्रहालयात मेलेल्या एका निळ्या विषारी बेडकापासून ती वेगळी केली होती.

ही बुरशी मारते कशी, हे समजायला आणखी दहा वर्षं लागली. बेडूक कातडीतून पाणी आणि क्षार घेतो. बुरशी कातडीच्या केरॅटिन असलेल्या थरात वाढते आणि ही देवाणघेवाण बिघडवते. रक्तातलं सोडियम आणि पोटॅशियम घसरतं, शेवटी हृदय थांबतं. जेमी व्हॉइल्स आणि सहकाऱ्यांचा २००९चा 'सायन्स'मधला पेपर यासाठी वाचा. टॅडपोलच्या अंगात केरॅटिन फक्त तोंडाच्या भागात असतं, त्यामुळे तो सहसा मरत नाही, पण रोग बाळगतो. म्हणून होतं असं की मोठे बेडूक संपले तरी ओढ्यात टॅडपोल दिसत राहतात आणि सर्व्हे करणाऱ्याला वाटतं, सगळं ठीक आहे.

लाटेच्या मुद्द्याची खरी परीक्षा मात्र ऑस्ट्रेलियात झालीच नाही. ती पनामात झाली. कॅरन लिप्स यांच्या गटाने लाट जिथे अजून पोचलेली नाही अशी जागा निवडली, एल कोपे. तिथे काही वर्षं आधीपासून बेडूक मोजत राहिले, नमुने तपासत राहिले. बुरशी नाही, बुरशी नाही, आणि मग २००४च्या सप्टेंबरात आली. त्यानंतर काही महिन्यांत ओढ्याकाठी मेलेले बेडूक सापडत गेले. १९९६चा पेपर झालेल्या गोष्टींच्या तारखा मागे वळून जोडत होता, हा २००६चा पेपर पुढे जाऊन वाट बघत उभा होता. निष्कर्ष एकच, पण पुराव्याच्या दर्जात जमीन-अस्मानाचा फरक.

इथपर्यंतची टीका १९९७पासून होत आलीय, तिच्यात माझं काही नाही. माझा आक्षेप वेगळा आहे आणि तो दोन्ही बाजूंवर आहे. लॉरन्स आणि मंडळींचं शीर्षक बघा, अल्फर्ड-रिचर्ड्सचं बघा. दोन्हीकडे 'ऑस्ट्रेलियन रेन फॉरेस्ट फ्रॉग्ज'. वाद घालणाऱ्यांचं एका गोष्टीवर मात्र पूर्ण एकमत होतं: हे बेडूक वर्षावनाचे आहेत. म्हणून सर्व्हे वर्षावनात, शेवटच्या नोंदी वर्षावनातल्या आणि 'नामशेष' हा शब्दही वर्षावनातल्या अनुपस्थितीवरून.

पण त्याच सर्व्हेंत एक खूण पडून होती. नॅनोटिस डोंगरावरून गेला, तरी साधारण ४०० मीटरच्या खालच्या ओढ्यांत टिकून राहिला. तीच जात, तेच पाणी. वरच्या ओढ्याचंच पाणी खाली येतं, म्हणजे रोगही खाली येत असणार. मग खालचे मरत का नाहीत? उंचीबरोबर सगळ्यात आधी काय बदलतं? तापमान. १९९६मध्ये डोक्यात विषाणू होता, त्यामुळे हा धागा ओढून बघायचं कुणाला सुचलं नसेल तर मी त्यांना फार दोष देणार नाही. पण १९९८नंतर? बुरशी माहीत झाली. ती १७ ते २५ अंशांत सगळ्यात चांगली वाढते आणि ३०च्या आसपास मरायला लागते हेही २००४पर्यंत छापून आलं. २००३मध्ये तर डग वुडहॅम्स आणि सहकाऱ्यांनी लागण झालेल्या बेडकांना आठ-आठ तास दोनदा ३७ अंशांत ठेवून बरं करून दाखवलं. एवढं सगळं हाताशी असताना साधा प्रश्न असा होता: डोंगरावर, पण उन्हात तापणारा ओढा कुठे आहे? तिथे कुणी बघितलंय का?

२००८मध्ये कुणीतरी बघितलं. रॉबर्ट पुशेनडॉर्फ हा जेम्स कुक विद्यापीठातला पीएचडीचा विद्यार्थी, सोबत कॉनरॅड हॉस्किन. जागा कार्बाइन टेबललँडच्या पश्चिमेकडची, उंच पण कोरडी. तिथे वर्षावन संपून निलगिरीवर्गीय झाडांचं विरळ जंगल लागतं, ओढ्यावर झाडांचं छत नाही, खडक दिवसभर तापतात. बेडूक शोधणाऱ्याने जिकडे पाठ फिरवावी असा हा भाग. तिथे नॅनोटिस होता, आणि त्याच्यासोबत लिटोरिया लोरिका. अंगावर चिलखत असल्यासारखा म्हणून हे नाव. लोरिका १९९१नंतर कुणी पाहिला नव्हता, तो संपला असंच सगळे धरून चालले होते. त्याच्या आधीच्या नोंदी मोजक्याच आणि सगळ्या वर्षावनातल्या, त्यामुळे तो 'वर्षावनाचा बेडूक' ठरून गेला होता. १७ वर्षं तो डोंगराच्या दुसऱ्या उताराला बसून होता.

आणि गंमत अशी की बुरशी तिथेही होती, चांगली पसरलेली. बेडूक तिच्यासकट जगत होते. २०११च्या पेपरात पुशेनडॉर्फ आणि सहकाऱ्यांनी याला रोगापासूनचा पर्यावरणीय आसरा म्हटलंय: बेडूक ज्या खडकांवर बसतात ते गरम असतात, त्या उबेने बुरशी आटोक्यात राहते. रोली आणि अल्फर्ड यांचं २०१३चं काम याला बळ देतं. बेडकाच्या शरीराचं तापमान जितका जास्त वेळ २५ अंशांच्या वर, तितकी लागणीची शक्यता कमी.

मला हे स्पष्टीकरण आवडतं, आणि म्हणूनच ते जास्त कडक तपासायला हवं. लोरिकाची जागा एकच. एका जागेवरून 'कोरडं जंगल वाचवतं' हा नियम निघत नाही, कारण त्या ओढ्यात तापमानाबरोबर आणखी दहा गोष्टी वेगळ्या असतील: पाण्याचा वेग, बेडकांची दाटी, कातडीवरचे जिवाणू, खुद्द बेडकांची वंशपरंपरागत प्रतिकारशक्ती. युंगेलाचं उदाहरण तर सरळ आड येतं. तिथला टॉडॅक्टिलस युंगेलेन्सिस १९८५-८६मध्ये कोसळला, मग थोड्या संख्येने पुन्हा दिसू लागला, आणि रिचर्ड रिटॅलिक आणि सहकाऱ्यांनी १९९०च्या दशकातले नमुने तपासले तर बेडूक बुरशीसकट टिकलेले निघाले. तेही वर्षावनातच, उन्हात नाही. म्हणजे टिकण्याचे रस्ते एकाहून जास्त आहेत, आणि ऊब त्यातला एक.

पण हा फरक नुसता बौद्धिक नाही. लोरिकाचं उरलेलं सगळं जग एका ओढ्याचा एक तुकडा आहे. एक मोठी आग, एक कोरडा हंगाम, की खेळ आटोपला. म्हणून काही बेडूक दुसऱ्या ठिकाणी नेऊन वसवायचं काम हॉस्किन आणि सहकाऱ्यांनी हाती घेतलं. आता विचार करा: वाचवणारी गोष्ट ऊब असेल तर नवी जागा उन्हातली निवडायला हवी. प्रतिकारशक्ती असेल तर सावलीतल्या जुन्या ओढ्यातही हे बेडूक तगतील. चुकीच्या स्पष्टीकरणावर जागा निवडली, तर त्या जातीच्या उरलेल्या थोड्या बेडकांतले काही तुम्ही स्वतःच्या हाताने मारलेत. 'सहसंबंध म्हणजे कारण नव्हे' हे वाक्य आपण एम.एस्सी.च्या पेपरात पाच मार्कांसाठी लिहितो. इथे त्याची किंमत अशी मोजावी लागते.

उलट बाजूही बघायला हवी. पुरावा पुरेसा होईपर्यंत थांबायचं ठरवलं तर काय होतं? टॉडॅक्टिलस अक्युटिरॉस्ट्रिस, टोकदार नाकाचा, दिवसा फिरणारा छोटा बेडूक. १९९३मध्ये बिग टेबललँडला त्याचे आजारी आणि मेलेले बेडूक हाती लागले. १९९७मध्ये वाद रंगला होता तेव्हा तो जवळपास संपलाच होता. रोगाने जंगलातली एखादी आख्खी जात संपण्याचं हे पहिलं नोंदलेलं उदाहरण असावं, असं २००६च्या एका पेपरने पुढे मांडलं (शीर्षकात प्रश्नचिन्ह ठेवून, हे मला आवडलं). ऑस्ट्रेलियन सरकारने या बुरशीला अधिकृतपणे मोठा धोका मानलं २००२मध्ये, आणि निवारण आराखडा आला २००६मध्ये. टीकाकार पुराव्याबद्दल बरोबर होते, पण वेळेचा हिशेब त्यांच्या लेखात नाही, आणि रोगाचं गृहीतक खोटं निघालं असतं तरी बूट धुणं, प्रत्येक बेडकाला नवे हातमोजे वापरणं यात कुणाचं काय बिघडणार होतं? गृहीतक सिद्ध झालं की नाही, आणि त्यानुसार वागावं की नाही, हे दोन वेगळे प्रश्न आहेत. १९९७च्या त्या लेखांत ते एकमेकांत मिसळून गेलेत.

हा वाद जुना झाला असं समजू नका. २०१९मध्ये बेन शील आणि बऱ्याच सहकाऱ्यांनी 'सायन्स'मध्ये आकडा दिला: या रोगामुळे जगभरात ५०१ जाती घटल्या, त्यातल्या ९० बहुधा नामशेष. पुढच्याच वर्षी मॅक्स लँबर्ट आणि इतरांनी त्याच जर्नलमध्ये विचारलं की प्रत्येक जातीमागे पुरावा काय, आणि तुमची पद्धत वापरून दुसऱ्या कुणाला हाच आकडा काढता येईल का? बुरशी मारते याबद्दल आता वाद नाही. वाद आहे तो अमुक डोंगरातली अमुक जात तिनेच मारली का, याबद्दल. तुम्ही तो ५०१चा आकडा प्रस्तावनेत घालणार असाल (सगळेच घालतात), तर लँबर्टचा लेखही वाचलेला असू द्या. मुलाखतीत विचारतात.

आपल्या सह्याद्रीतही ही बुरशी आहे. २०१३मध्ये नीलेश डहाणूकर आणि सहकाऱ्यांनी 'प्लॉस वन'मध्ये उत्तर पश्चिम घाटातल्या प्रदेशनिष्ठ बेडकांत ती सापडल्याचं दाखवलं, आणि तिचा वाण आशियातला स्थानिक वाटतो असं मांडलं. २०१८च्या एका मोठ्या जनुकीय अभ्यासाने या बुरशीचं मूळ पूर्व आशियात, कोरियाच्या बाजूला दाखवलंय, तेव्हा हे त्याच्याशी जुळतं. ऑस्ट्रेलियासारखी साथ इथे आल्याची नोंद नाही. मात्र यावरून 'आपले बेडूक सुरक्षित' असं लिहिणारा कुणी भेटला, तर त्याला विचारा की पंधरा-वीस वर्षांपूर्वी त्या ओढ्यात बेडूक मोजले कुणी होते. आणि दुसरं विचारा की बघितलं कुठे. आपल्याकडे बेडूक म्हटलं की पावसाळा, आंबोली आणि रात्रीची बॅटरी. डिसेंबरातला सड्यावरचा आटत आलेला ओढा, घाटाच्या पूर्व उताराचा उघडा नाला, तिथे फेऱ्या किती होतात?

१९९६चा पेपर आणि त्यावरची उत्तरं वाचायला घेतलीत तर एक छोटं काम करून बघा. ठिकाण, उंची, शेवटची नोंद असा तक्ता वहीत उतरवून काढा आणि शेजारी दोन रकाने स्वतः वाढवा: शेवटच्या नोंदीनंतर तिथे किती वेळा कुणी गेलं, आणि ओढ्यावर सावली होती की ऊन. पहिला रकाना अर्धामुर्धा तरी भरेल. दुसऱ्यात काय मिळतं ते मला कळवा.